महाराजा गुलाबसिंग : जम्मू-काश्मीर राज्याचा संस्थापक

पडत्या काळात जन्मास येऊन केवळ मनगटाच्या व बुद्धीच्या बळावर राज्य उभारणाऱ्या पुरुषांची चरित्रे आपल्या समाजात आवडीने वाचली जातात. अशा चरित्रांतून दोन प्रकारचे बोध घ्यावयाचे असतात. त्या पुरुषाने काय मिळविले, हा पहिला. आणि मिळविलेले पुढील पिढ्यांच्या हाती टिकावे म्हणून जे करावयास हवे होते त्यातील काय राहून गेले, हा दुसरा. पहिला बोध घेण्यास आपण सहसा चुकत नाही. दुसरा कडू असल्यामुळे तो घेण्याचे बहुधा टळते. जम्मूचा महाराजा गुलाबसिंग याचे चरित्र या दोन्ही दृष्टींनी मननीय आहे. म्हणून ज्ञातिबंधु-भगिनींपुढे ते थोडक्यात मांडण्याचे योजिले आहे.

प्रथम ज्या भूमीवर हे राज्य उभे राहिले तिची ओळख करून घेतली पाहिजे. जम्मू-काश्मीर हे नाव आज आपण एका दमात उच्चारतो. परंतु गुलाबसिंगाच्या जन्मकाळी या नावाचे एक राज्य अस्तित्वात नव्हते. दक्षिणेस, पंजाबच्या मैदानाला लागून असलेल्या टेकड्यांत, तावी नदीच्या काठी जम्मू शहर वसले आहे. हा डोगरा लोकांचा मुलूख. डोगरा म्हटले म्हणजे केवळ राजपूत असा आपल्याकडे समज असतो. वस्तुतः ब्राह्मण, राजपूत, खत्री, महाजन, मेघ यांच्यापासून मुसलमानांपर्यंत डोगरी बोलणारे अनेक समाज या नावाखाली येतात. पश्चिमेस चिनाब व झेलम यांच्यामध्ये चिभाल प्रांत. तेथील पुष्कळशी घराणी मूळची राजपूत असून पुढे मुसलमान झालेली. पूर्वेच्या उंच डोंगरांत किश्तवाड व भद्रवाह. तेथे पहाडी शेतकरी व मेंढरे राखणारे गद्दी. गुज्जर व बकरवाल हे पशुपालक तर ऋतुमानाप्रमाणे गुरे व शेळ्यामेंढ्या घेऊन साऱ्या डोंगरातून फिरणारे.

पीर पंजाल पर्वताच्या पलीकडे काश्मीरचे खोरे. तेथील बहुसंख्य प्रजा मुसलमान असून विद्येच्या व दप्तराच्या कामात तरबेज असे पंडित अल्पसंख्य होते. १५८६ पासून मोगलांचा व अठराव्या शतकाच्या मध्यापासून काबूलच्या अफगाणांचा अंमल या खोऱ्याने सोसला होता. त्याच्याही पलीकडे झोजी घाट ओलांडला म्हणजे लडाख लागतो. तेथे बौद्ध धर्म, तिबेटी वळणाची भाषा आणि लेह येथे ग्याल्पो ही पदवी धारण करणारा राजा. सिंधू नदीच्या कडेने खाली उतरले की बाल्टिस्तान. भाषा तिबेटी कुळातली, परंतु लोक शियापंथी मुसलमान. आणि अगदी वायव्येस गिलगिट, जेथे दरद लोक शिना भाषा बोलत. एवढ्या भिन्न भाषांच्या, धर्मांच्या व राहणीच्या लोकांना एका छत्राखाली आणण्याचे काम मोगलांनाही पूर्णपणे साधले नव्हते. ते जम्मूच्या एका तरुण शिपायाने आपल्या हयातीत केले.

गुलाबसिंगाचा जन्म १७९२ मध्ये जम्मूच्या जामवाल राजपूत घराण्यात झाला. या घराण्यातील राजा रणजितदेव याच्या अमदानीत जम्मूने मोठे वैभव पाहिले होते. नादिरशहा व अब्दाली यांच्या स्वाऱ्यांनी पंजाब होरपळत असता व्यापारी व सावकार जम्मूच्या आश्रयास येत. परंतु १७८१ च्या सुमारास रणजितदेव वारला, भाऊबंदकी माजली आणि शिखांच्या मिसलींनी त्या कलहाचा पुरेपूर फायदा घेतला. गुलाबसिंग हा रणजितदेवाच्या भावाच्या वंशातला. वडील किशोरसिंग हे लहानशा जहागिरीचे धनी. घराण्याचे नाव मोठे, परंतु पदरी फारसे काही नाही, अशी स्थिती. १८०८ मध्ये लाहोरच्या महाराजा रणजितसिंगाच्या फौजेने जम्मूवर चाल केली, तेव्हा सोळा वर्षांचा गुलाबसिंग शहराच्या वेशीवर लढला. शौर्य दिसले, पण जम्मू गेले.

ज्याने आपले राज्य घेतले त्याचीच चाकरी पत्करण्याचा प्रसंग त्या तरुणावर आला. पुढील एकदोन वर्षांत तो लाहोर दरबारी साधा घोडेस्वार म्हणून दाखल झाला. रणजितसिंगास माणसाची पारख होती; शिपाईगिरीत जात वा धर्म न पाहता गुण पाहण्याची त्याची रीत होती. मोहिमांमागून मोहिमांत गुलाबसिंगाने नाव कमावले. पाठोपाठ त्याचे धाकटे बंधू ध्यानसिंग व सुचेतसिंग हेही दरबारात आले. ध्यानसिंग हा देखणा, मितभाषी व अत्यंत धोरणी. तो प्रथम ड्योढीदार झाला, म्हणजे महाराजांच्या भेटीस कोणास सोडावयाचे हे ठरविणारा अधिकारी. आणि पुढे साऱ्या लाहोर राज्याचा वजीर झाला. तिघे भाऊ एकमेकांस धरून होते, हे त्यांच्या उत्कर्षाचे पहिले कारण होय.

याच काळातील एक गोष्ट विसरता येण्यासारखी नाही. मियाँ डिडो या नावाचा जामवाल कुळातलाच एक वीर लाहोरच्या अंमलाविरुद्ध डोंगरात राहून लढत होता. तो शिखांची ठाणी लुटी, गरिबांस हात लावीत नसे, आणि गावोगावचे लोक त्यास आसरा देत. त्याचा बंदोबस्त करण्याचे काम लाहोर दरबाराने गुलाबसिंगाकडे सोपविले व १८२१ मध्ये त्रिकूट डोंगराच्या परिसरात डिडो मारला गेला. एकाच कुळातील दोन पुरुष. एकाने परक्या सत्तेशी झुंजत डोंगरात प्राण ठेवला, दुसऱ्याने त्याच सत्तेची सेवा करून सिंहासन मिळविले. डोगरी लोकगीतांनी मात्र डिडोला आजतागायत जिवंत ठेवले आहे. राज्य मिळविणे व लोकांच्या अंतःकरणात स्थान मिळविणे या दोन गोष्टी भिन्न असतात, याचा हा पहिला दाखला.

त्याच सुमारास किश्तवाडचे राज्यही गुलाबसिंगाने लाहोरच्या अंमलाखाली आणले. या सेवेचे फळ लवकरच मिळाले. जून १८२२ मध्ये चिनाबच्या काठी अखनूर येथे रणजितसिंगाने स्वतःच्या हाताने त्याच्या कपाळी राजतिलक लावला व जम्मूची गादी त्यास वंशपरंपरा दिली. जेथे सोळाव्या वर्षी पराभव पाहिला, त्याच शहराचा तो तिसाव्या वर्षी राजा झाला. अर्थात लाहोरचा मांडलिक म्हणून. पुढे ध्यानसिंगास पूंछ व सुचेतसिंगास रामनगर मिळाले.

राजा झाल्यावर त्याने डोंगरी संस्थाने एकामागून एक ताब्यात आणली. लूटमार बंद झाली, वाटा सुरक्षित झाल्या. परंतु बंड मोडताना त्याचा हात फार कठोर चाले. १८३७ मध्ये पूंछच्या बाजूस शम्सखान याच्या पुढारीपणाने मोठे बंड झाले. ते मोडण्यासाठी गुलाबसिंगाने बंडखोरांच्या शिरांवर बक्षिसे लावली, शेकडो लोक मारले गेले व बायकामुले धरून नेण्यात आली. काही पुढाऱ्यांची कातडी सोलण्यात आल्याची हकीकत त्या वेळच्या युरोपीय प्रवाशांनीही नमूद केली आहे. त्या काळी युद्धे अशीच होत, हे खरे. परंतु त्या काळच्या मानानेही ही शिक्षा क्रूर होती. पूंछच्या डोंगरात ही आठवण पिढ्यान् पिढ्या सांगितली गेली. तिचे फळ एकशेदहा वर्षांनी कसे मिळाले, ते पुढे येईल.

गुलाबसिंगाच्या ठिकाणी माणूस पारखण्याचा गुण रणजितसिंगाइतकाच होता. जोरावरसिंग कहलूरिया याचे उदाहरण त्यास पुरेसे आहे. हा मूळचा साधा शिपाई. किल्ल्यांवर शिधा फार वाया जातो, हे त्याने पाहिले व बचतीची योजना राजापुढे मांडली. राजाने ती मानली व त्यासच किल्ल्यांच्या शिबंदीच्या शिध्याचा अधिकारी केले. तेथून चढत चढत तो किश्तवाडचा सुभेदार झाला. १८३४ मध्ये डोंगरी शिपायांची फौज घेऊन तो सुरू खोऱ्याच्या वाटेने लडाखात उतरला. पुढील वर्षी लेहच्या राजाने हार मानली. ५०,००० रुपये युद्धखर्च व दरसाल २०,००० रुपये खंडणी देण्याचे ठरले. मागाहून झालेली बंडे त्याने मोडली व १८४० पर्यंत स्कार्डू घेऊन बाल्टिस्तानही जम्मूच्या अंमलाखाली आणले.

बर्फाळ व विरळ वस्तीच्या या मुलखाची हाव गुलाबसिंगास का वाटावी, असा प्रश्न वाचकांस पडेल. त्याचे उत्तर आपल्या नित्य परिचयाच्या वस्तूत आहे. आपल्या संमेलनांतून गुणवंतांस आपण शाल-श्रीफळ देतो. पेशवाईत विद्वानांस शालजोडी मिळणे हा बहुमान समजला जाई. काश्मीरची ती जगप्रसिद्ध शाल ज्या पश्मिन्याची होते तो काश्मीरात पिकत नाही. तिबेट व लडाख यांच्या अतिथंड पठारावरील शेळ्यांच्या अंगावर दाट लोकरीखाली जी मऊ लव येते, तोच पश्मिना. १६८४ च्या तहापासून तिबेटच्या या मालाचा मक्ता लडाखकडे होता. तो लेहमार्गे श्रीनगरास जाई, तेथे बायका त्याचे सूत कातीत व विणकर शाली विणीत. म्हणून ज्याच्या हाती लेह, त्याच्या हाती शालींच्या धंद्याची नाडी. गुलाबसिंगाने काश्मीर मिळण्यापूर्वी बारा वर्षे ही नाडी पकडली, यात त्याची दूरदृष्टी दिसते.

परंतु यशास सीमा कोठे घालावी, हे जोरावरसिंगास उमगले नाही. १८४१ मध्ये तो थेट तिबेटात शिरला; रुडोक व गारतोक घेऊन मानसरोवराच्या परिसरातील तकलाकोटपर्यंत पोहोचला. हिवाळा आला, घाट बर्फाने बंद झाले. पंधरा हजार फुटांच्या उंचीवर उष्ण प्रदेशातील शिपाई थंडीने गारठले. बोटे झडली, सरपणास काही न मिळाल्यामुळे बंदुकांचे लाकडी दस्ते जाळून त्यांनी ऊब घेतली. १२ डिसेंबर १८४१ रोजी तोयो येथील लढाईत जोरावरसिंग पडला. त्याच्या शौर्याने शत्रूही चकित झाला व त्याच्या अस्थींवर तिबेटी लोकांनी समाधी बांधली. विजयी तिबेटी फौज लडाखात उतरली. परंतु जम्मूहून दिवाण हरिचंद व वजीर रत्नू हे नव्या दमाची फौज घेऊन आले व त्यांनी तिचा पराभव केला. सप्टेंबर १८४२ मध्ये तह होऊन जुन्या सीमा दोन्ही पक्षांनी मान्य केल्या व लोकर आणि चहा यांचा व्यापार पूर्वीप्रमाणे लडाखमार्गेच चालावा असे ठरले. हिमालयाच्या पलीकडे लडाख हिंदुस्थानाशी जोडला गेला तो याप्रमाणे, डोंगरी शिपायांच्या हाडांवर.

इकडे लाहोरात निराळाच प्रळय सुरू झाला होता. जून १८३९ मध्ये रणजितसिंग वारला आणि त्याच्या वारसांत व सरदारांत रक्तपाताची मालिका चालू झाली. त्यात जम्मूच्या घराण्याची जेवढी हानी झाली तेवढी क्वचितच दुसऱ्या कोणाची झाली असेल. नोव्हेंबर १८४० मध्ये कमान कोसळून युवराज नौनिहालसिंगाबरोबर गुलाबसिंगाचा वडील पुत्र उधमसिंग ठार झाला. सप्टेंबर १८४३ मध्ये ध्यानसिंगाचा खून झाला. मार्च १८४४ मध्ये सुचेतसिंग आपल्याच पुतण्याच्या, म्हणजे ध्यानसिंगाचा पुत्र हिरासिंग याच्या फौजेशी लढताना पडला. त्याच वर्षाच्या डिसेंबरात हिरासिंग व त्याजबरोबर गुलाबसिंगाचा दुसरा पुत्र सोहनसिंग यांस खालसा फौजेने ठार केले. चार वर्षांत दोन भाऊ, दोन पुत्र व एक पुतण्या गेले. उरला तो धाकटा पुत्र रणबीरसिंग. १८४५ मध्ये खालसा फौज जम्मूवर चालून आली व गुलाबसिंगास लाहोरास नेऊन त्याजवर जबर दंड बसविण्यात आला. भावांची एकजूट हे ज्या घराण्याचे बळ होते, त्याची दरबारी कटकटीत अशी वाताहत झाली.

त्याच वर्षाच्या अखेरीस शीख व इंग्रज यांचे युद्ध जुंपले. गुलाबसिंगाने या युद्धात शस्त्र उचलले नाही. शीख राज्याचा अन्नोदक घेऊन त्याने विश्वासघात केला, असा आरोप शीख इतिहासकार करीत आले आहेत. ज्या फौजेने त्याचा पुत्र मारला तिच्यासाठी त्याने प्राण का द्यावे, असे त्याचे कैवारी विचारतात. दोन्ही म्हणणी वाचकांनी तोलून पाहावीत. १० फेब्रुवारी १८४६ रोजी सोबरावला शिखांचा पराभव झाला व तहाची बोलणी करण्याचे काम गुलाबसिंगाकडेच आले. ९ मार्चच्या लाहोरच्या तहाने इंग्रजांनी दीड कोट रुपये दंड मागितला. लाहोरच्या खजिन्यात तेवढी रक्कम नव्हती. म्हणून एक कोटीच्या ऐवजी बियास व सिंधू यांमधील डोंगरी मुलूख, काश्मीरसह, त्यांनी लिहून घेतला.

हा अवघड मुलूख स्वतःच्या फौजेने सांभाळण्याची इंग्रजांची त्या वेळी तयारी नव्हती. अवघ्या सात दिवसांनी, १६ मार्च १८४६ रोजी, अमृतसर येथे दुसरा तह झाला आणि पंच्याहत्तर लाख नानकशाही रुपये घेऊन इंग्रजांनी काश्मीर व भोवतालचा मुलूख गुलाबसिंगास व त्याच्या पुरुष वारसांस कायमचा दिला. इंग्रजांचे सार्वभौमत्व मान्य केल्याची खूण म्हणून दरसाल एक घोडा, शालींच्या लोकरीच्या बारा शेळ्या व काश्मिरी शालींच्या तीन जोड्या देण्याचे ठरले. तहाची कलमे दहा. त्यांत सीमा आहेत, रकमा आहेत, हप्त्यांची मुदत आहे, फौजेच्या मदतीचा करार आहे. ज्या लाखो माणसांचा धनी त्या दिवशी बदलला त्यांच्या हक्काविषयी मात्र एक अक्षरही नाही. ही उणीव इंग्रजांची तशीच ती घेणाऱ्याचीही होती.

कागदावर मिळालेले राज्य प्रत्यक्ष हाती येण्यास आणखी आठ महिने लागले. लाहोरतर्फे काश्मीरचा सुभेदार असलेला शेख इमामुद्दीन याने ताबा देण्याचे नाकारले. श्रीनगरजवळच्या लढाईत गुलाबसिंगाचा वजीर लखपत मारला गेला. शेवटी हेन्री लॉरेन्स याच्या पुढारीपणाखाली फौजा निघाल्या तेव्हा शेख शरण आला, आणि नोव्हेंबर १८४६ मध्ये गुलाबसिंगाने श्रीनगरात प्रवेश केला. जम्मू, काश्मीर, लडाख व बाल्टिस्तान हे प्रथमच एका राजाच्या हाताखाली आले.

त्याच्या कारभाराविषयी निःपक्षपाताने लिहावयाचे तर दोन्ही बाजू सांगितल्या पाहिजेत. काश्मीरात वर्षानुवर्षे चाललेली दरोडेखोरी त्याने मोडून काढली. रात्री-अपरात्री वाटसरू निर्भय झाला. राजा स्वतः पहाटे उठून काम पाही. राहणी साधी, बोलणे गोड, आठवण दांडगी. रस्त्यातून जाताना कोणीही रयत एक रुपया नजर म्हणून पुढे धरून आपले गाऱ्हाणे सांगू शके व राजा घोडा थांबवून ते ऐके. रुपया मात्र तो सोडीत नसे. दारिद्र्यात वाढलेल्या व पंच्याहत्तर लाख मोजून राज्य घेतलेल्या त्या पुरुषास पैशाची हाव शेवटपर्यंत सुटली नाही. जम्मूचे प्रसिद्ध रघुनाथ मंदिर त्याने सुरू केले व पुढे त्याच्या पुत्राने ते पूर्ण केले.

दुसरी बाजू काश्मीरच्या कष्टकऱ्यांची. अफगाण व शीख अंमलातील जाचक कर नव्या राजाने कायम ठेवले. भाताच्या पिकाचा मोठा हिस्सा सरकार वस्तुरूपाने घेई व शहरात सरकारी भावाने विकी. शाल विणणाऱ्यांवर तर दुहेरी जू होते. शालीवर सरकारी शिक्का बसण्यापूर्वी भारी कर, आणि कारखानदाराची चाकरी सोडून जाण्याची विणकरास बंदी. १८४७ मध्ये विणकरांनी काम टाकले व कित्येकजण कुटुंबे घेऊन पंजाबात निघून गेले. तेव्हा राजाने नियम काहीसे सैल केले, परंतु मूळ पद्धत तशीच राहिली. वेठबिगारही चालूच होती. तक्रारी इंग्रजांपर्यंत पोहोचल्या व १८४८ च्या आरंभी गव्हर्नर जनरल हार्डिंज याने त्यास कडक शब्दांत समज दिली. तलवारीने जिंकलेल्या प्रदेशात राजाने जेवढे मन घातले, तेवढे विकत घेतलेल्या प्रदेशात घातले नाही, असे खेदाने म्हणावे लागते.

वायव्येकडील गिलगिटने त्यास अखेरपर्यंत यश दिले नाही. १८५२ मध्ये यासीनच्या गौहर रहमानने तेथील डोगरा फौजेचा संहार केला. त्यानंतर गुलाबसिंगाने सिंधू नदी हीच त्या बाजूची सीमा मानली. जोरावरसिंगाच्या मृत्यूने शिकविलेला धडा या वेळी राजाच्या ध्यानात होता. १८५६ मध्ये त्याने रणबीरसिंगास गादीवर बसविले व आपण काश्मीरचा कारभार पाहू लागला. १८५७ च्या उठावात त्याने इंग्रजांची बाजू धरली व जम्मूची फौज दिल्लीकडे पाठविण्याचे ठरले. परंतु ती पोहोचलेली ऐकणे त्याच्या नशिबी नव्हते. त्याच वर्षी काश्मीरात त्याने देह ठेवला. श्रीनगरातील रामबाग येथे त्याची समाधी आहे. वय पासष्ट, त्यांतील जवळजवळ पन्नास वर्षे घोड्याच्या पाठीवर व राजकारणाच्या फडात गेलेली.

चरित्र येथे संपते. परंतु राज्याची कथा संपत नाही. रणबीरसिंगाने १८६० मध्ये गिलगिट परत घेतले व कायद्याची संहिता तयार करविली. तथापि मूळचा दोष वारशाने चालत राहिला. काश्मीर आम्ही रोख रकमेने घेतले, म्हणून तेथील जमिनीचा मालक राजा, अशी दरबाराची भूमिका. त्यामुळे खोऱ्यातील शेतकरी पिढ्यान् पिढ्या कसलेल्या भुईचा मालक नव्हता. फौजेत व वरच्या अधिकारांत राजाच्या ज्ञातीचा भरणा, बहुसंख्य प्रजेला मात्र तेथे वाव नाही. १३ जुलै १९३१ रोजी श्रीनगरच्या तुरुंगाबाहेर गोळीबार होऊन वीसांहून अधिक लोक मेले, तेव्हा हा असंतोष साऱ्या देशास दिसला. ग्लान्सी समितीने शेतकऱ्यास जमिनीची मालकी व सर्व समाजांस नोकऱ्यांत न्याय्य वाटा देण्याची शिफारस केली. परंतु तोवर पंच्याऐंशी वर्षे निघून गेली होती. १९४६ मध्ये, अमृतसरच्या तहास बरोबर शंभर वर्षे झाली असता, शेख अब्दुल्ला यांनी महाराजांविरुद्ध काश्मीर सोडा ही चळवळ उभारली, ती त्या तहालाच विक्रीखत ठरवून. आणि १९४७ मध्ये महाराजा हरिसिंग यांच्याविरुद्ध बंडाचा पहिला वणवा पेटला तो पूंछात, जेथे १८३७ ची आठवण अजून विझली नव्हती.

२६ ऑक्टोबर १९४७ रोजी हरिसिंग यांनी भारतात सामील होण्याच्या करारावर सही केली. युद्ध झाले, १ जानेवारी १९४९ पासून युद्धबंदी झाली. गिलगिट, स्कार्डू, मीरपूर, मुझफ्फराबाद व पूंछचा पश्चिम भाग पलीकडे राहिला. लडाखच्या पूर्वेकडील अक्साई चीन पुढे चीनने बळकावला. १९५० च्या कायद्याने मोठ्या जमीनदाऱ्या मोडून कसणाऱ्यास जमीन मिळाली. ३१ ऑक्टोबर २०१९ रोजी जम्मू-काश्मीर व लडाख हे दोन वेगळे केंद्रशासित प्रदेश झाले. गुलाबसिंगाने एका हयातीत जोडलेला मुलूख याप्रमाणे निरनिराळ्या वाटांनी गेला. या फाळणीस अनेक कारणे आहेत व सारी त्याच्या माथी मारणे अन्यायाचे होईल. पण ज्या धाग्याने हे प्रांत एकत्र शिवले होते तो राजघराण्याच्या सत्तेचा होता. त्यांच्या रहिवाशांच्या परस्पर विश्वासाचा नव्हता, हे नाकारता येणार नाही.

ज्ञातिसंस्थेच्या अंकात हे चरित्र देण्याचे प्रयोजन आता सुज्ञ वाचकांच्या ध्यानात आले असेल. कुळाचा अभिमान, भावांची एकजूट, गुणी माणसास वर आणण्याची दृष्टी व संकटात न डगमगणारे मन या गुणांवर जम्मूचे लहानसे घराणे हिमालयापलीकडे पोहोचले. हे गुण आपल्या मुलाबाळांनी अवश्य घ्यावेत. परंतु आपल्या माणसांस वर काढताना शेजारच्या माणसाचा वाटा आपल्याकडे राहतो काय, हेही त्यांनी विचारीत जावे. आपल्या ज्ञातीत विद्या वाढली, व्यापार वाढला, कित्येक कुटुंबांतील मुले अधिकाराच्या जागी बसली आहेत. त्या जागी बसून गाऱ्हाणे ऐकताना समोरच्याने पुढे केलेला रुपया घ्यावयाचा की नाही, हा प्रश्न गुलाबसिंगाबरोबर संपलेला नाही. प्रत्येक अधिकाऱ्यास, प्रत्येक दुकानदारास व प्रत्येक पंचास तो रोज सोडवावा लागतो.